खिद्रापूर, वाडी, रामलिंग, बाहुबली एका दिवसात: या चुका टाळा

कोल्हापुरात आलेला पाहुणा अंबाबाई, रंकाळा, पन्हाळा, जोतिबा करून मोकळा होतो. पूर्वेकडे, शिरोळ आणि हातकणंगले तालुक्यांत दगडात कोरलेल्या कथा आणि नद्यांचा सपाट, हिरवा मुलूख आहे. तिकडे फार थोडे लोक वळतात. वळतात त्यातले निम्मे देवळाला प्रदक्षिणा घालून, चार फोटो काढून वीस मिनिटांत बाहेर पडतात. ही फेरी दीडशे किलोमीटरच्या आसपास होते, म्हणजे गाडीने एका दिवसात आरामात. फेरी फसते ती अंतरामुळे नव्हे, चुकीच्या वेळी चुकीच्या ठिकाणी पोहोचल्यामुळे.

आधी वाडी, मग खिद्रापूर

ही सगळ्यात जास्त होणारी चूक. वाडी, म्हणजे दत्ताची नृसिंहवाडी, वाटेतच लागते, म्हणून लोक तिथे उतरतात, दर्शनाची रांग, पेढे, जेवण होतं आणि खिद्रापूरला पोहोचेपर्यंत तीन वाजतात. खिद्रापूरचं कोपेश्वराचं देऊळ पूर्वाभिमुख आहे. पुढच्या स्वर्गमंडपावर कोवळं, तिरकं ऊन येतं ते सकाळी, आणि कोरीवकामाचा उठाव तिरक्या उन्हातच दिसतो. तीन वाजता पुढची बाजू सपाट, काळी दिसते.

साडेसहाला कोल्हापूर सोडा. शिरोली, हातकणंगले, जयसिंगपूर, शिरोळ, वाडी, कुरुंदवाड असं जा किंवा इचलकरंजीवरून कुरुंदवाड गाठा. वाडीत सकाळी थांबायचं नाही, ती दुपारसाठी ठेवायची. आठ-सव्वाआठला देवळात पोहोचलात की आधी बाहेरचा पूर्व भाग, मग दक्षिणेची भिंत, मग आतला भाग आणि शेवटी पुन्हा स्वर्गमंडप असा क्रम ठेवा. हिवाळ्यात दक्षिणेच्या भिंतीवर दिवसभर ऊन असतं. सप्टेंबरअखेरीपासून मार्चपर्यंत उत्तरेच्या भिंतीवर थेट ऊन जवळजवळ येतच नाही, त्यामुळे तिकडे मऊ, सारखा उजेड मिळतो. तिथले फोटो भर दुपारीही चालतात. मागच्या, पश्चिमेच्या बाजूला ऊन येतं ते दुपारनंतर. एका फेरीत चारही बाजू चांगल्या उजेडात मिळणार नाहीत हे मान्य करा.

बरोबर बारा वाजता झरोक्याखाली उभं राहणं

स्वर्गमंडपाला मधोमध छत नाही. ४८ खांबांच्या या मंडपावर सुमारे १३ फूट व्यासाचं गोल उघडं आकाश आहे आणि बरोबर त्याखाली तेवढीच गोल रंगशिला. 'बारा वाजता उजेड शिळेवर पडतो' असं कुठेतरी वाचून लोक बाराला जातात, उजेड दुसरीकडेच दिसतो आणि हिरमुसतात. कारणं दोन. एक, घड्याळाचे बारा म्हणजे इथला मध्यान्ह नव्हे. भारतीय प्रमाणवेळ साडेब्याऐंशी अंश रेखांशाची, खिद्रापूर पावणेपंच्याहत्तरच्या आसपास. म्हणून सूर्य माथ्याच्या रेषेवर येतो साडेबाराच्या सुमारास. नोव्हेंबरच्या सुरुवातीला सव्वाबाराला, फेब्रुवारीत पावणेएकला. दोन, सूर्य खरोखर डोक्यावर येतो तो वर्षातून दोनदाच, मेच्या पहिल्या आठवड्यात आणि ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात. डिसेंबरात मध्यान्हीही तो क्षितिजापासून जेमतेम ५० अंशांवर असतो, त्यामुळे उजेडाचा गोल शिळेवरून उत्तरेकडे सरकतो आणि तिकडच्या खांबांवर चढतो. खरं तर खांबांचं कोरीवकाम बघायला तोच उजेड कामाचा. तेव्हा हिवाळ्यात साडेबाराला शिळेकडे बघत बसण्याऐवजी उत्तरेच्या खांबांपाशी उभे राहा.

कार्तिक पौर्णिमेच्या रात्री चंद्र झरोक्यावर येतो, तो सोहळा याच हिशेबातून येतो. त्या सुमारास सूर्य दक्षिणेकडे कललेला असतो आणि पुनवेचा चंद्र त्याच्या बरोबर समोर, म्हणजे उत्तरेकडे, मध्यरात्री जवळजवळ डोक्यावर. चंद्राची कक्षा थोडी कललेली असल्याने दरवर्षी अगदी तंतोतंत जमत नाही. पण तो रात्रीचा, गर्दीचा कार्यक्रम आहे. शिल्पं बघण्यासाठी ती तारीख निवडू नका.

कथा माहीत नसताना देऊळ बघणं

शिवमंदिरात नंदी नाही म्हणून लोक शोधत फिरतात, मग 'चोरीला गेला असेल' असा निष्कर्ष काढतात. कथा अशी: दक्षाने यज्ञाला शंकराला बोलावलं नाही, तरी सती नंदीवर बसून माहेरी गेली. म्हणून नंदी इथे नाही. अपमान सहन न होऊन सतीने देह टाकला, शंकर कोपला, तो हा कोपेश्वर. त्याची समजूत काढायला विष्णू आला, तो धोपेश्वर. म्हणून गाभाऱ्यात दोन लिंगं आहेत. दुसरं लिंग न पाहताच परत येणारे पुष्कळ. उन्हातून थेट आत गेलं की काही दिसत नाही. सभामंडपात पाच मिनिटं थांबा, डोळे सरावू द्या. मोबाईलचा टॉर्च मूर्तीवर रोखला की पुन्हा अंधारी येते, आणि पुजाऱ्यांनाही ते आवडत नाही.

नंदी येडूरला आहे असं मानतात. येडूर कर्नाटकात, तिथे वीरभद्राचं मोठं देवस्थान आहे. दक्षाचा यज्ञ उधळणारा वीरभद्रच, म्हणजे कथा तिकडे पुढे चालू राहते. नकाशावर ते हाकेच्या अंतरावर वाटतं, पण मध्ये नदी आणि राज्याची हद्द येते. 'एवढं आलोच आहोत तर' म्हणून निघालात की दुपार तिकडेच जाते. येडूर करायचं तर रामलिंग आणि बाहुबली सोडा.

बाहेरच्या भिंतीवर नजर खालून वर न्या. तळाशी गजपट्ट, म्हणजे हत्तींची रांग आणि त्यांच्यावर आरूढ देवदेवता. त्यावर सुरसुंदरी, देवदेवता, पंचतंत्रातल्या गोष्टी. बऱ्याच हत्तींच्या सोंडा आणि मूर्तींचे चेहरे फुटलेले आहेत, त्यामुळे लोक ही रांग ओलांडून पुढे जातात. वास्तविक खालच्या थरातली विविधता वरच्या मूर्तींपेक्षा जास्त मजेची आहे. स्वर्गमंडपात झरोक्याखालच्या वर्तुळाभोवती कार्तिकेय आणि आपापल्या वाहनांवरचे अष्टदिक्पाल आहेत. आधी वाहन ओळखा, मग देव आपोआप कळतो: हत्ती म्हणजे इंद्र, रेडा म्हणजे यम, मोर म्हणजे कार्तिकेय. लहान दुर्बीण असेल तर घ्या, मान मोडून बघण्यापेक्षा बरी.

शिलालेखाला हळद, पावडर, पाणी लावणं

दक्षिणेच्या दारापाशी देवगिरीच्या यादव राजा सिंघणाचा शके ११३६ चा संस्कृत लेख आहे. त्यात देवळासाठी गावांच्या दानाचा उल्लेख येतो. देऊळ त्याआधीचं, शिलाहारांच्या काळातलं. इतर बरेच लेख जुन्या कन्नडमध्ये आहेत. अक्षरं उठून दिसावीत म्हणून काही जण त्यांत हळद किंवा खडूची पूड भरतात. असं करू नका. पूड खाचांत बसते, ओल धरते आणि पुढच्या माणसाला अक्षर आणखीच कमी दिसतं. उपाय सोपा आहे: टॉर्च लेखाच्या समोर न धरता कडेला, भिंतीला जवळजवळ टेकवून तिरका धरा. खाचांत सावली पडते आणि अक्षरं उठतात. हे संरक्षित स्मारक आहे. कॅमेऱ्याची तिपाई (ट्रायपॉड) आणि ड्रोन परवानगीशिवाय चालत नाहीत, ते गाडीतच ठेवा.

चपला बाहेर काढाव्या लागतात. मार्चपासून दुपारी फरशी पाय पोळते, म्हणून जाड मोजे बरोबर ठेवा. गावात चहा-पाणी मिळेल, पोटभर जेवण गृहीत धरू नका.

वाडीला उशिरा, उपाशी आणि पौर्णिमेला जाणं

पाऊण वाजता निघालात तर दीडपर्यंत वाडी. महाप्रसादाची वेळ आधीच विचारून ठेवा, ती हुकली तर खानावळी आहेतच. पौर्णिमा, गुरुवार आणि दत्तजयंती टाळा, गाडी लावायलाच तास जातो. कृष्णा-पंचगंगेचा संगम घाटावरून बघायचा. पाणी संथ दिसतं, पण पायऱ्या संपल्या की एकदम खोल होतं आणि शेवाळाने दगड निसरडे असतात. बासुंदी उन्हात गाडीत टिकत नाही, तिथेच खा. घरी न्यायची तर कवठाची बर्फी न्या.

पावसाळ्यात पाणीपातळी न बघता निघणं

जुलै ते सप्टेंबर हा सगळा पट्टा पुराचा आहे. २०१९ आणि २०२१ मध्ये शिरोळ तालुक्यातली कित्येक गावं पाण्याखाली होती. वाडीला पाणी देवळात शिरलं की दक्षिणद्वार सोहळा होतो, भाविकांना तो आनंदाचा, पण तुमच्या फेरीसाठी ती धोक्याची खूण. निघण्याआधी दोन आकडे बघा: कोल्हापूरच्या राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगा (इशारा ३९ फूट, धोका ४३) आणि सांगलीच्या आयर्विन पुलावर कृष्णा (इशारा ४०, धोका ४५). आकडा इशाऱ्याच्या जवळ असेल किंवा वर चढत असेल तर जाऊ नका. कोल्हापुरात ऊन पडलं म्हणजे तिकडे पाणी उतरलं असं नसतं. धरणांतून सोडलेलं पाणी नंतर येतं आणि सखल रस्ते, बंधारे आधी बुडतात. या फेरीसाठी नोव्हेंबर ते फेब्रुवारी उत्तम.

रामलिंग आणि बाहुबली घाईत उरकणं

हातकणंगल्याजवळ आळते गावच्या डोंगरात रामलिंग आहे. वनवासात रामाने लिंग स्थापलं अशी कथा, गुहा, पिंडीवर ठिबकणारं पाणी आणि भोवती झाडी. दिवसभर उसाचा सपाट मुलूख पाहिल्यावर हा गारवा हवासा वाटतो. आतली फरशी कायम ओली, जपून चाला. माकडं आहेत, पिशवीत वाडीचे पेढे असतील तर गाडीच्या काचा बंद ठेवा. वर धुळोबाला चढायचं तर तास वेगळा धरा.

तिथून कुंभोजच्या बाहुबलीला, या जैन तीर्थाला, चारपर्यंत पोहोचा. २८ फुटांची संगमरवरी मूर्ती १९६३ ची. भरत आणि बाहुबली या भावांनी सैन्य न लढवता दृष्टियुद्ध, जलयुद्ध आणि मल्लयुद्धाने निकाल लावला. कुस्तीच्या गावाहून आलेल्याला ही कथा वेगळी सांगायला नको. जिंकूनही बाहुबलीने राज्य सोडलं आणि वर्षभर उभ्याने तप केलं, म्हणून त्याच्या मूर्तीत अंगावर वेली चढलेल्या दाखवतात. पांढरा संगमरवर उन्हात फोटोत नुसता चुन्याचा गोळा दिसतो. मोबाईलच्या पडद्यावर मूर्तीवर बोट टेकवून उजेड कमी करा, मग घडण दिसेल. चामड्याच्या वस्तू आत नेऊ नका. जेवण इथेच करायचं असेल तर सूर्यास्ताआधी, नंतर पंगत बसत नाही.

कणेरीही याच दिवशी बसवणं

सिद्धगिरी मठाचं ग्रामजीवन संग्रहालय बघण्यासारखं आहे. बलुतेदार, वासुदेव, ज्योतिषी, सगळं गाव सिमेंटच्या पुतळ्यांत उभं केलंय. पण कणेरी शहराच्या दक्षिणेला, ही फेरी पूर्वेला, आणि एकट्या संग्रहालयाला दोन-अडीच तास लागतात. त्याला दुसरी सकाळ द्या.

परतीचा अंधार

गळीत हंगामात, साधारण नोव्हेंबर ते मार्च, या रस्त्यांवर उसाच्या जोड-ट्रॉल्यांची रांग असते. पुष्कळ ट्रॉल्यांना मागे दिवा नसतो आणि ऊस दोन्ही बाजूंना बाहेर आलेला असतो. कुरुंदवाड ते खिद्रापूर रस्ता अरुंद, वळणावर उसामुळे समोरचं दिसत नाही, म्हणून तो पट्टा दिवसाउजेडीच उरका. एसटीने जाणाऱ्यांनी कुरुंदवाड स्थानकावर उतरताच खिद्रापूरहून परत येणाऱ्या गाड्यांच्या वेळा विचाराव्यात, फेऱ्या मोजक्या असतात. गाडी हुकली तर कुरुंदवाडपर्यंत रिक्षा किंवा वडाप (सीटप्रमाणे चालणारी खासगी गाडी), तिथून जयसिंगपूर, आणि जयसिंगपूरहून मिरज-कोल्हापूर मार्गावरची रेल्वे किंवा एसटी.