कुंडीतलं वेखंड

वेखंडाला पाणी जास्त झालं म्हणून कधी बिघडत नाही. कोरडं पडलं तरच ते रुसतं. त्यामुळे तळाला भोक नसलेलं पसरट घमेलं घ्या, चिकणमातीत थोडं कुजलेलं शेणखत मिसळा आणि डोळा असलेला कंदाचा बोटभर तुकडा आडवा, जेमतेम झाकेल इतकाच पुरा. माती कायम चिखलासारखी ओली हवी, वर बोटभर पाणी साचलं तरी चालेल. (डासांच्या अळ्या दिसल्या तर पाणी ओतून बदला.)

विकत घेताना पान चुरगळून बघाच. तलवारीसारखी पानं इतरही पाणवनस्पतींना असतात, पण हा गोडसर उग्र वास फक्त वेखंडाचा. पानाची एक कडही बऱ्याचदा चुणीदार दिसते.

वर्षभराने पानं पिवळी पडू लागली की कंद काढा, मुळ्या छाटा, तुकडे करून सावलीत वाळवा. पुरचुंडी बांधून लोकरीच्या कपड्यांत ठेवा. कसर दूर ठेवण्याचा हा जुना उपाय मला डांबरगोळ्यांपेक्षा कितीतरी बरा वाटतो.

बाळाला उगाळून चाटवणं मात्र कृपा करून टाळा. आपल्याकडच्या वेखंडात बीटा-असारोन हे घातक द्रव्य भरपूर असतं. अमेरिकेत 1968 पासून वेखंड खाद्यपदार्थांत घालायला बंदी आहे.