ड्रिल सुलट कधी, उलट कधी

आषाढ-श्रावणात खानापूर भागातली लाकडी दारं फुगतात आणि चौकटीत अडकतात. रंधा मारायचा तर दार उतरवावं लागतं, म्हणजे बिजागऱ्यांचे स्क्रू काढायचे आणि रंधा झाला की तेच परत बसवायचे. ड्रिलचं फॉरवर्ड-रिव्हर्स, म्हणजे सुलट-उलट फिरणं, शिकायला याहून चांगलं काम नाही, म्हणून दारच समोर ठेवून सांगतो.

आधी बटण ओळखून घ्या. बॅटरीच्या ड्रिलला ट्रिगरच्या जरा वर, या बाजूने त्या बाजूला सरकणारं बटण असतं. वायरच्या मशीनला बहुतेक वेळा ट्रिगरजवळच छोटी दांडी असते. शेजारी बाण कोरलेले असतात. बिटाकडे, म्हणजे मशीनच्या पुढे बसवलेल्या टोकाकडे, तोंड असलेला बाण म्हणजे फॉरवर्ड. बाण घासून गेला असेल तर मशीन हवेत धरा, पाठीमागून बघा आणि ट्रिगर हलका दाबा. घड्याळाच्या काट्यासारखं फिरलं तर फॉरवर्ड. बॅटरीच्या ड्रिलचं बटण मधोमध ठेवलं की ट्रिगर दाबलाच जात नाही. बिट बदलताना, शिडीवर चढताना ते मध्येच ठेवा.

दिशा बदलायची ती मोटर पूर्ण थांबल्यावरच. फिरत्या मशीनचं बटण सरकवलं की गिअरला हिसका बसतो, आतले काँटॅक्ट जळतात. हात घाईत असतो हे खरं, पण चक, म्हणजे बिट जबड्यात धरणारा पुढचा भाग, थांबायला श्वासभराचाच वेळ लागतो.

आता स्क्रू काढू. खाचेत बसलेला जुना रंग खिळ्याच्या टोकाने खरवडून टाका. खाचेत घट्ट बसेल तेवढाच बिट लावा, रिव्हर्स करा, गिअर १ वर, म्हणजे हळू फिरण्यावर, ठेवा. आणि मशीन स्क्रूवर जोर देऊन दाबा. इथेच पुष्कळजण चुकतात: स्क्रू बाहेर यायचाय म्हणून हात ढिला सोडतात, बिट खाचेतून उडतो आणि डोकं गोल होऊन बसतं. स्क्रू हलेपर्यंत जोर काढू नका. हलला की तो आपल्या गतीने मागे येऊ द्या. दाराखाली फळीचा टेकू द्यायचा आणि वरच्या बिजागरीचे स्क्रू शेवटी काढायचे.

परत बसवताना रिव्हर्सचा जो उपयोग आहे तो फार थोडे लोक करतात. स्क्रू जुन्या भोकात ठेवून थेट फॉरवर्ड केला तर तो लाकडात नवे आटे पाडतो, दोन-तीनदा असं झालं की भोक सैल होतं. म्हणून आधी हातातल्या स्क्रू ड्रायव्हरनेच स्क्रू हळूहळू उलटा फिरवा. एका जागी तो किंचित खाली उतरल्यासारखा ‘टक्’ करून बसतो, बोटांना लगेच कळतं. तो जुन्या आट्यात पडला. तिथून फॉरवर्ड करा, लोण्यात गेल्यासारखा जातो. भोक आधीच सैल असेल तर माचिसच्या काड्या डिंकात बुडवून आत ठोका, वाळू द्या.

भोक पाडायचं ते मात्र कायम फॉरवर्डमध्ये. ड्रिल बिटाची धार एकाच अंगाला असते. उलट फिरवला तर तो कापत नाही, नुसता घासतो. मी एकदा स्क्रू काढून झाल्यावर बटण तसंच विसरलो आणि सागवानी चौकटीला बिट लावला. भोक पडेना म्हणून आणखी रेटलं. धूर आला, भोकाची कड काळी झाली, बिटाचं टोक निळं पडलं. शेजारी काम करणारे मेस्त्री ओरडले, “आरं, उलटं फिरवायलाइस की!” निळा पडलेला बिट मऊ होऊ शकतो, मग धार धरत नाही. तेव्हापासून प्रत्येक भोकाआधी मी हवेत एकदा फिरवून बघतो.

भोक झालं की बिट फॉरवर्डमध्ये फिरता ठेवूनच बाहेर काढा, भुसाही बाहेर येतो. अडकलाच तर थांबा, रिव्हर्स करा, हळू फिरवत मागे घ्या. अडकलेलं मशीन मनगटाला उलटा हिसका देतं, तेव्हा बाजूची मूठ लावलेली असू द्या. जांभ्या चिऱ्याच्या भिंतीत हॅमर, म्हणजे ठोके देत फिरण्याची सोय, सहसा लागत नाही, चिरा मऊ असतो आणि कड ढासळते. हॅमर चालू ठेवून रिव्हर्स तर कुठेच करू नका.

चक बदलायची वेळ आली तर बॅटरी काढा, जबडे पूर्ण उघडा आणि आत डोकावा. उलटसुलट फिरणाऱ्या मशीनला तळाशी बहुधा एक स्क्रू असतो. त्याचे आटे डावे, आपल्या सायकलीच्या डाव्या पॅडलसारखे. रिव्हर्समध्ये चकच सुटून येऊ नये म्हणून तो असतो. त्यामुळे तो सैल करायला उजवीकडे फिरवायचा, आणि तो निघाल्यावर चक डावीकडे.