वैद्यकीय प्रवेशात अपात्र ठरवले, तर याचिकेपूर्वी करायची तयारी

पोर्टलवर नावापुढे ‘अपात्र’ असा शेरा दिसला, की त्याच दिवशी त्या पानाची तारीख-वेळेसह छापील प्रत काढावी आणि राज्याची प्रवेश प्रक्रिया राबवणाऱ्या सीईटी कक्षाकडे लेखी निवेदन देऊन त्याची पोच घ्यावी. कार्यालयात ‘पाहतो, दोन दिवसांनी या’ असे तोंडी सांगितले जाते, त्या दोन दिवसांत फेरी संपते आणि पुढे न्यायालयात दाखवायला हाती काहीच उरत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 13 डिसेंबर 2019 च्या निकालात प्रवेशाची अंतिम मुदत उलटल्यावरही अपवादात्मक प्रकरणी जागा देता येईल असे म्हटले, पण विद्यार्थ्याचा दोष नसावा आणि त्याने विलंब न लावता दाद मागितलेली असावी, या अटींवरच. म्हणून ही पोच मला सर्वांत मोलाची वाटते.

त्यानंतर त्या वर्षीची माहिती पुस्तिका काढून, नेमक्या कोणत्या नियमाखाली नाकारले हे शोधावे. शासकीय महाविद्यालयांतील 85 टक्के राज्य कोट्यासाठी अधिवास प्रमाणपत्राबरोबरच दहावी आणि बारावीही महाराष्ट्रातून उत्तीर्ण असणे साधारणपणे आवश्यक असते. वडिलांच्या बदलीमुळे मुलीची दहावी बेळगावला झाली असेल, तर केवळ अधिवासावर भिस्त ठेवू नये; शासकीय आणि संरक्षण दलांतील कर्मचाऱ्यांच्या पाल्यांना काही सवलती आहेत, त्यांत आपण बसतो का ते बदलीच्या आदेशासह तपासावे. अधिवासावर आधारित आरक्षण रद्द ठरवणारा 29 जानेवारी 2025 चा निकाल पदव्युत्तर प्रवेशापुरता आहे, एमबीबीएसच्या याचिकेत त्याचा आधार घेऊ नये.

सर्वाधिक वाद जात वैधतेचे असतात आणि तिथली तयारी अकरावीतच सुरू व्हायला हवी. 1994 साली वैद्यकीय प्रवेशाच्याच एका वादात सर्वोच्च न्यायालयाने पडताळणीचा अर्ज प्रवेशाच्या किमान सहा महिने आधी करावा असे सांगितले होते, तरीही निकालानंतर धावाधाव करणारे पालक दरवर्षी दिसतात, याचे मनापासून वाईट वाटते. वडील, सख्खे काका, आत्या यांच्यापैकी कोणाकडे वैधता प्रमाणपत्र असेल तर ते आणि नाते सिद्ध करणारी वंशावळ प्रतिज्ञापत्रासह आधी जोडावी. मग आजोबा-पणजोबांच्या नोंदी शोधाव्यात: कोतवाल बुकाची म्हणजे गावच्या जन्म-मृत्यू नोंदीची (गाव नमुना 14) नक्कल, शाळेच्या जनरल रजिस्टरचा उतारा. नोंद अनुसूचित जमातीसाठी 6 सप्टेंबर 1950 पूर्वीची, विमुक्त-भटक्यांसाठी 21 नोव्हेंबर 1961 पूर्वीची, इतर मागासवर्गासाठी 13 ऑक्टोबर 1967 पूर्वीची असेल तर तिचे वजन वेगळेच. उतारा घेताना मूळ रजिस्टर स्वतः पाहावे. जुन्या फिकट शाईतल्या ‘कोळी’ या शब्दाच्या आधी गडद शाईत ‘महादेव’ दिसले (महादेव कोळी ही अनुसूचित जमात आहे, नुसते ‘कोळी’ नव्हे), तर पडताळणी समितीसाठी नोंदी तपासणाऱ्या दक्षता पथकालाही ते दिसणारच. असा कागद स्वतः पुढे करू नये आणि वकिलांना आधीच सांगावे. जमातीच्या चालीरीती, परंपरा विचारणाऱ्या आप्तभाव चाचणीत उत्तरे कमी पडली म्हणून दावा फेटाळला असेल, तर ती चाचणी एकमेव कसोटी नाही हे सांगणारा सर्वोच्च न्यायालयाचा 24 मार्च 2023 चा निकाल सोबत ठेवावा.

नॉन क्रीमी लेयर प्रमाणपत्राची मुदत कोणत्या 31 मार्चपर्यंत आहे, तेवढे पाहून घ्यावे.

दिव्यांग उमेदवाराने, अपंगत्व तपासणाऱ्या वैद्यकीय मंडळाच्या अहवालात फक्त टक्केवारी लिहिली आहे की अभ्यासक्रम पूर्ण करण्याच्या क्षमतेविषयी कारणेही दिली आहेत, हे बारकाईने वाचावे. 15 ऑक्टोबर 2024 च्या निकालानुसार केवळ टक्केवारी पाहून अपात्र ठरवता येत नाही.

याचिका राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयाच्या आपल्या भागातील खंडपीठापुढे जाते. त्यात निकाल लागेपर्यंत एक जागा रिकामी ठेवावी ही अंतरिम मागणी स्पष्ट शब्दांत हवी, कारण जागा भरली की आणखी एका विद्यार्थ्याचा हक्क मध्ये येतो. याचिका चालू असताना पुढच्या फेऱ्यांचे पसंतीक्रम भरणे थांबवू नये. आणि दुसऱ्या महाविद्यालयात प्रवेश घेतलाच, तर मूळ कागद तिथे जमा करण्यापूर्वी प्रत्येकाच्या दोन साक्षांकित प्रती काढून एक संच वकिलांकडे आणि एक घरी ठेवावा.