स्टेरॉइड एकदम बंद करताय? थांबा, आधी हे वाचा

आमच्या आईला गुडघेदुखीवर कुणीतरी 'एकदम आयुर्वेदिक' म्हणून पुड्या दिल्या होत्या. चार महिने झकास गेले, जिने चढायला लागली, भूक वाढली, तोंड गोल झालं, नातेवाईक म्हणाले तब्येत सुधारली हो. मग पुड्या संपल्या आणि तिने परत आणल्याच नाहीत. आठ-दहा दिवसांत सकाळी ओट्याला धरून उभी राहायची, पोळीचा वास आला तरी मळमळ, आणि आम्ही सगळे म्हणतोय टेन्शन घेतेस तू. डॉक्टरांनी झोपवून बीपी घेतलं तर वरचं 118, उभं करून घेतलं तर 86. पहिला प्रश्न त्यांनी हाच विचारला, काकू, कसल्या पुड्या घेत होतात?

पुड्यांत स्टेरॉइड होतं. 1948 मध्ये अमेरिकेत मेयो क्लिनिकमध्ये फिलिप हेन्च यांनी संधिवाताने आखडलेल्या एका बाईला कॉर्टिसोन हे स्टेरॉइड दिलं आणि ती काही दिवसांत चालायला लागली, 1950 ला त्या कामाला नोबेल मिळालं. आईचे जिने चढणं त्याच जातीचं होतं.

आता आत काय बिघडतं ते बघा. सोसायटीची गच्चीवरची टाकी आठवा, पाणी कमी झालं की मोटर सुरू, भरली की फ्लोट ती बंद करतो. मेंदूतला हायपोथॅलॅमस सीआरएच नावाचं हार्मोन सोडतो, त्यावर खालची वाटाण्याएवढी पिट्युटरी ग्रंथी एसीटीएच हे दुसरं हार्मोन सोडते, आणि तो निरोप घेऊन किडनीवर टोपीसारख्या बसलेल्या चार-पाच ग्रॅमच्या अॅड्रिनल ग्रंथी कॉर्टिसॉल, म्हणजे शरीराचं स्वतःचं स्टेरॉइड, बनवतात. कॉर्टिसॉल पुरेसं झालं की तेच वर जाऊन सांगतं, आता पुरे. पहाटेपासून वाढत सकाळी सगळ्यात जास्त, मध्यरात्री सगळ्यात कमी, आणि ताप, अपघात, ऑपरेशन असलं काही आलं की मोटर जोरात. आता रोज बाहेरून टँकरने, म्हणजे स्टेरॉइडच्या औषधाने, टाकी भरायला लागलात तर मोटर चालेलच कशाला? महिनोन्महिने बंद राहिली की जाम होते, आणि एक दिवस टँकर यायचा थांबला की नळाला पाणी नाही. उभं राहिल्यावर चक्कर, मळमळ, अंग गळून जाणं, सांधे दुखणं, शुगर कमी होणं हे सगळं त्यातूनच.

त्यामुळे पहिलं काम, घरात स्टेरॉइड कुठून येतंय ते शोधा. शरीराला रोज लागणारं कॉर्टिसॉल साधारण 4-5 मिलिग्रॅम प्रेडनिसोलोनएवढं (हे गोळीत मिळणारं स्टेरॉइड) असतं, त्याहून जास्त डोस तीन-चार आठवड्यांच्या वर चालला असेल तर मोटर झोपली असेल असंच धरून चाला. फक्त वायसोलोनची (प्रेडनिसोलोनच्या गोळ्यांची) पट्टी बघू नका, पुड्या, सांध्यात घेतलेली इंजेक्शनं, जास्त डोसचे इनहेलर, आणि गोरं करणारी म्हणून वर्षभर चोळलेली ती ट्यूबपण त्यातच येते. पुड्या उरल्या असतील तर फेकू नका, डॉक्टरांना दाखवा.

दुसरं, डोस कमी करायचा तो डॉक्टरांच्या कागदाप्रमाणेच. सुरुवातीला भराभर कमी करता येतो, पण 5 मिलिग्रॅमच्या आसपास आलं की मुंगीच्या पावलाने जायचं, आणि लोक नेमकी तिथेच घाई करतात, आता अर्धीच तर गोळी राहिलीय म्हणून. गोळी बहुतेक वेळा सकाळी नाश्त्यानंतर देतात ती उगाच नाही, शरीराचं घड्याळ तेच आहे, रात्री घेतली तर झोप उडते आणि दुसऱ्या सकाळचं एसीटीएच आणखी दबतं.

मोटर उठली का हे बघायला सकाळी 8 ते 9 मध्ये कॉर्टिसॉलची टेस्ट करतात, पण आदल्या गोळीनंतर 24 तास जाऊ द्यायचे, नाहीतर काही लॅबच्या मशीनला प्रेडनिसोलोनच कॉर्टिसॉल वाटतं. आकडा डेसिलिटरला 10 मायक्रोग्रॅमच्या वर आला तर छान, 5 च्या खाली तर अजून झोपेतच, मधला आला तर डॉक्टर थांबायला सांगतील नाहीतर एसीटीएचचं इंजेक्शन देऊन परत रक्त तपासतील. गर्भनिरोधक गोळ्या चालू असतील तर आकडा फुगतो, ते आधी सांगा.

रील्सवर 'अॅड्रिनल फटीग' म्हणून पावडरी विकतात ना, तसला आजार वैद्यकशास्त्रात नाही, ऑफिसच्या टेन्शनने ग्रंथी थकून बंद पडत नाहीत. ग्रंथीच खराब होण्याचा खरा आजार वेगळा, 1855 मध्ये थॉमस अॅडिसनने लिहून ठेवलेला, आपल्याकडे टीबीमुळेही होतो. त्यात खारट खावंसं वाटतं आणि हाताच्या रेषा, हिरड्या काळ्या पडतात कारण एसीटीएच वाढलेलं असतं. पुड्यांवाल्यांमध्ये एसीटीएचच दबलेलं, म्हणून काळेपणा येत नाही आणि घरच्यांना पत्ता लागत नाही.

ताप आला तर डोस किती वाढवायचा हे आधीच लिहून घ्या, बऱ्याचदा दुप्पट असतो. उलट्या होत असतील तर गोळी पोटात टिकतच नाही, मग सकाळपर्यंत वाट बघायची नाही, सरळ कॅज्युअल्टी, आणि दारातच सांगायचं की पेशंट स्टेरॉइडवर आहे. आईच्या पर्समध्ये बसपासच्या मागे आम्ही चिठ्ठी लॅमिनेट करून ठेवलीय: नाव, गोळी, डोस, आमचे दोन फोन नंबर, आणि खाली मोठ्या अक्षरात, 'उलट्या किंवा बेशुद्ध असल्यास हायड्रोकॉर्टिसोन 100 मिलिग्रॅम इंजेक्शन लगेच'. ती म्हणते, वाचून कंडक्टर घाबरेल.