एकाच फ्रेममध्ये दोघे : प्रतिरूपाचा लघुपट घरच्या घरी कसा करावा

एकाच नटाला दोन पात्रे देऊन आपल्याच प्रतिरूपाला समोर बसवणारा प्रायोगिक लघुपट करायचा असेल, तर दुसरा माणूस पहिल्यापेक्षा नेमका कशाने वेगळा आहे, हे कॅमेरा हाती घेण्याआधी ठरवावे. चष्मा किंवा मिशी लावून हे भागत नाही. बडोद्यातील मराठी घरांत असा फरक आयताच सापडतो : आईशी मराठीत बोलणारा आणि मांडवीच्या बाजारात गुजरातीत घासाघीस करणारा माणूस एकच असला, तरी त्याचा आवाज, हातवारे आणि उभे राहण्याची ढबसुद्धा बदलते. दोन पात्रांना हीच दोन वळणे द्यावीत आणि त्यांतले खरे कोणते, याचा निकाल पटकथेत लावू नये.

बडोद्याच्या कलाभवनात शिकलेल्या दादासाहेब फाळके यांच्या 'लंकादहन' (१९१७) या मूकपटात अण्णा साळुंके यांनी राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या होत्या. तिथे नट एकच आहे हे विसरायला लावायचे होते. आपल्याला ते सतत जाणवत ठेवायचे आहे, म्हणून वेशभूषा शक्यतो एकच असावी.

चित्रणाला मोबाइल पुरतो, ट्रायपॉड मात्र हवाच. फोकस, एक्स्पोजर (उजेडाचे प्रमाण) आणि व्हाइट बॅलन्स (रंगांची छटा) आपोआप बदलू नयेत म्हणून लॉक करून, नट एकदा डावीकडे आणि एकदा उजवीकडे असे एकाच फ्रेमचे दोन टेक घ्यावेत व संकलनात त्यांचे अर्धे अर्धे भाग शेजारी शेजारी जोडावेत. सांधा लपावा म्हणून फ्रेमच्या मध्यावर दाराची चौकट किंवा कपाटाची कड येऊ द्यावी. नटाने ही सांध्याची रेघ ओलांडू नये हे सगळ्यांच्या लक्षात राहते, पण त्याची सावलीही पलीकडे जाता कामा नये, आणि बहुतेक शॉट तिथेच फसतात. ऊन सरकत असल्याने दोन्ही टेक लागोपाठ घ्यावेत, नाहीतर खिडक्या झाकून दिव्यांवर काम करावे. आपल्याकडील वीज ५० हर्ट्झची असल्यामुळे सेकंदाला २५ फ्रेम आणि शटरचा वेग १/५० सेकंद ठेवल्यास ट्यूबलाइटची लुकलुक टळते.

दुसऱ्या टेकच्या वेळी पहिल्या टेकमधील संवाद नटाला इअरफोनवर ऐकवावेत आणि नजर जुळावी म्हणून रेघेपलीकडे त्याच्याच उंचीचा माणूस बसवावा. एकाने दुसऱ्याला चहाचा कप देण्यासारखी कृती जोडलेल्या फ्रेममध्ये करू नये; तेवढ्यापुरता हातांचा क्लोजअप घेऊन मित्राच्या हातावर तशीच बाही चढवावी.

सामान आवरण्यापूर्वी, कॅमेरा न हलवता, रिकाम्या फ्रेमचेही थोडे चित्रण करून ठेवावे, म्हणजे सांध्यापाशी काही खटकले तर ठिगळ लावता येते.