मोगरा आणि मोसंबीचे फ्रोझन योगर्ट घरच्या घरी

मृग बहाराची, म्हणजे पावसाळ्याच्या तोंडावर फुलोरा धरलेली मोसंबी आणि मोगऱ्याची पहिली फुले मराठवाड्यात मार्च-एप्रिलच्या सुमारास काही आठवडे एकाच वेळी मिळतात, आणि येथे सांगितलेला पदार्थ त्याच आठवड्यांत सर्वांत चांगला जमतो. आंबे बहाराची, म्हणजे हिवाळ्याच्या शेवटी फुलोरा धरलेली मोसंबी दिवाळीच्या मागेपुढे येते, त्या वेळी मोगरा नसतो. ऐन मे महिन्यात मोगरा भरपूर असतो, पण चांगली मोसंबी बाजारातून कमी झालेली असते. म्हणून ही कृती मुख्यतः या दोन गोष्टी हाताशी असताना करायची आहे. इतर वेळी मोगऱ्याऐवजी काय वापरता येईल, तेही ओघात सांगितले आहे.

फ्रोझन योगर्ट म्हणजे दही गोठवून केलेला, आइस्क्रीमसारखा पण किंचित आंबट लागणारा पदार्थ होय. आपल्याकडे श्रीखंड करण्याची सवय असल्यामुळे यातील निम्मे काम आपल्याला आधीच येते. मात्र तयार श्रीखंड फ्रीजरमध्ये ठेवून दिले की फ्रोझन योगर्ट झाले, असे नाही. श्रीखंडाचा चक्का पूर्ण कोरडा केलेला असतो, आणि असा चक्का गोठल्यावर जिभेवर पिठूळ लागतो. उलट दही न टांगता तसेच गोठवले, तर त्यातील पाण्याचे बर्फाचे खडे होतात आणि चमचा आत शिरत नाही. या दोहोंच्या मधली अवस्था साधणे आणि फुलांचा वास थंडीत टिकवणे, ही या पदार्थातील खरी दोन कामे आहेत. बाकी सारे सोपे आहे.

सहा ते आठ वाट्यांसाठी एक किलो ताजे दही, १०० ग्रॅम ताजी साय, १५० ग्रॅम साखर, दोन मोठे चमचे लिक्विड ग्लुकोज, तीन मोसंब्या, एक लिंबू, मोगऱ्याची पंचवीस ते तीस फुले आणि चिमूटभर मीठ एवढे साहित्य पुरते. लिक्विड ग्लुकोज केकचे साहित्य विकणाऱ्या दुकानात मिळते. ते फारसे गोड नसते, परंतु त्यामुळे बर्फाचे कण बारीक राहतात. मधानेही हे काम होते, मात्र मधाचा स्वतःचा वास मोगऱ्यावर चढतो, म्हणून येथे तो टाळलेला बरा.

सुरुवात आदल्या संध्याकाळी मोगऱ्यापासून करावी. मोगऱ्याची कळी संध्याकाळी उमलू लागते आणि उमलतानाच सर्वांत जास्त वास सोडते. तो वास उष्णतेने लगेच उडून जातो, त्यामुळे फुले पाकात किंवा दुधात उकळण्याचा काहीही उपयोग नाही. माठातील पाण्यात मोगरा टाकून ठेवण्याची आपली जुनी रीत याच तत्त्वावर चालते. आपल्याला मात्र पदार्थात जादा पाणी नको आहे, म्हणून पाण्याऐवजी साखरेत वास उतरवायचा. टपोऱ्या, उमलण्याच्या बेतात असलेल्या कळ्या देठ काढून, हलक्या हाताने धुऊन, फडक्यावर पूर्ण कोरड्या कराव्यात. त्या मलमलच्या तुकड्यात सैल बांधून साखरेच्या मधोमध ठेवाव्यात आणि डबा घट्ट झाकून रात्रभर स्वयंपाकघरातच ठेवावा, फ्रीजमध्ये नाही, कारण गारव्यात कळी नीट उमलत नाही. सकाळी पुरचुंडी उघडली की फुले मलूल झालेली आणि साखर किंचित ओलसर झालेली दिसते. ही ओल फुलांतून आलेली असते, तिची चिंता करू नये. फुले मात्र सकाळीच काढून टाकावीत. पाकळ्यांच्या कडा तांबूस होईपर्यंत ती साखरेत राहिली, तर वासाला जड, शिळा दर्प येतो. वास कमी वाटल्यास दुसऱ्या संध्याकाळी ताजी फुले घालून पुन्हा एक रात्र ठेवता येते.

फुले घरच्या किंवा शेजारच्या झाडाचीच असावीत. बाजारातील गजऱ्यांवर कोणते औषध फवारले आहे, हे आपल्याला कळत नाही, आणि ते गजरे देवाला आणि केसांना ठीक असले तरी पोटात जाणाऱ्या पदार्थासाठी नाहीत. आणखी एक दक्षता महत्त्वाची आहे. अंगणात मोगऱ्याशेजारी पुष्कळदा तगरही असते, आणि तिचे पांढरे फूल घाईत मोगऱ्यासारखे वाटू शकते. तगर विषारी आहे. तगरीचे पान किंवा देठ मोडले की पांढरा चीक येतो, मोगऱ्याला तसा चीक येत नाही. कण्हेर आणि रातराणी ही फुलेही कितीही सुंदर असली तरी खाण्यात येऊ देऊ नयेत. मोगरा नसेल तेव्हा खाण्यासाठी म्हणून विकले जाणारे गुलाबजल दोन लहान चमचे, तेही गोठवण्याच्या अगदी आधी घालावे. चेहऱ्याला लावण्याचे गुलाबजल चालणार नाही.

दही शक्य तर म्हशीच्या दुधाचे लावावे. मराठवाडी म्हैस असो की दुसरी कोणती, म्हशीच्या दुधात स्निग्धांश गाईच्या दुधापेक्षा बराच अधिक असतो, आणि गोठलेल्या पदार्थाला मऊपणा येतो तो त्यामुळेच. घरी देवणी किंवा लाल कंधारी गाईचे दूध असेल तर तेही वापरता येईल, फक्त सायीचे प्रमाण दीडपट करावे. दूध उकळल्यावर मंद आचेवर आणखी दहा-बारा मिनिटे ठेवून किंचित आटवले, तर दही घट्ट लागते. ते कोमट झाल्यावर विरजण लावावे. उन्हाळ्यात आपल्याकडे चार-पाच तासांत दही लागते, आणि लागल्याबरोबर ते फ्रीजमध्ये ठेवणे आवश्यक आहे. दुपारभर ओट्यावर राहिलेले दही इतके आंबते की मग कितीही साखर घातली तरी मोगरा आणि मोसंबी दोन्ही मागे पडतात.

हे दही मलमलच्या फडक्यात घालून चाळणीवर ठेवावे, चाळणीखाली पातेले ठेवावे आणि सगळेच फ्रीजमध्ये सरकवावे. खुंटीला टांगण्याची पद्धत थंडीत ठीक आहे, चैत्र-वैशाखात नाही. तीन ते चार तासांत सुमारे साडेतीनशे ते चारशे मिलिलिटर निवळ खाली उतरते आणि फडक्यात सहाशे ते साडेसहाशे ग्रॅम मऊसर चक्का उरतो. येथेच थांबावे. चमच्याने उचलल्यावर तो सावकाश घरंगळत खाली पडला पाहिजे. गोळा होऊन चमच्याला चिकटून राहिला, तर तो श्रीखंडाचा चक्का झाला असे समजून त्यात दोन-तीन चमचे निवळ परत मिसळावी. उरलेली निवळ ओतून देऊ नये, धपाट्यांचे पीठ तिच्यात भिजवल्यास धपाटे मऊ राहतात आणि त्यांना बेताची आंबट चव येते.

आता मोसंबी. जालन्याच्या मोसंबीला भौगोलिक मानांकन मिळालेले आहे, आणि जालना, अंबड, बदनापूर, पैठण या भागातील फळ आपल्याला सहज मिळते, हे या पदार्थाच्या दृष्टीने मोठेच भाग्य आहे. आकाराच्या मानाने जड, पातळ सालीचे आणि हिरवटपणा जाऊन पिवळसर झाक आलेले फळ निवडावे. मोसंबीचा गोडवा रसात असतो आणि वास सालीत असतो, हे ध्यानात ठेवले की पुढची कृती आपोआप समजते. दोन मोसंब्या कोमट पाण्यात हाताने चोळून धुवाव्यात, पुसाव्यात आणि सर्वांत बारीक किसणीवर सालीचा फक्त वरचा रंगीत थर किसावा. आतील पांढरा भाग कडू असतो, तो दिसू लागताच फळ फिरवावे. अर्ध्या लिंबाची सालही अशीच किसून घ्यावी. नागपुरी संत्र्याची साल घालण्याचा मोह होतो, पण तिचा वास इतका तिखट असतो की मोगरा त्यापुढे टिकत नाही.

हा कीस मोगऱ्याच्या साखरेत टाकून बोटांच्या चिमटीने दोन-तीन मिनिटे चोळावा. साखरेच्या टोकदार कणांनी सालीतील तेलाच्या पेशी फुटतात, साखर ओल्या वाळूसारखी होते, तिला फिकट पोपटी रंग चढतो आणि बोटांना तेलकटपणा जाणवतो. एवढे झाले की सालीचे काम पूर्ण झाले.

रसाच्या बाबतीत घाई हवी. मोसंबीचा रस काढल्यावर काही वेळाने कडू होत जातो, कारण फळाच्या पडद्यांत आणि बियांत असलेल्या एका घटकाचे रसातील आम्लामुळे हळूहळू लिमोनिन नावाच्या कडू द्रव्यात रूपांतर होते. उष्णतेने हे आणखी लवकर होते. म्हणून रस आधी काढून ठेवू नये, आटवू नये आणि मिक्सरमध्ये फळ फिरवून तर मुळीच काढू नये, कारण त्यात बियाही भरडल्या जातात. फळ आडवे कापून, हाताच्या रसयंत्रावर हलका दाब देऊन रस काढावा, लगेच गाळावा आणि त्यातील १०० मिलिलिटर घ्यावा. त्याहून अधिक रस घातल्यास पाणी वाढते. मोसंबीत आंबटपणा कमी असल्यामुळे एक लहान चमचा लिंबाचा रस आणि चिमूटभर मीठ घालणे गरजेचे आहे. त्याशिवाय चव सपक लागते.

चक्क्यात साखर आणि लिक्विड ग्लुकोज घालून पंधरा मिनिटे ठेवावे, साखर विरघळली की मिश्रण पुरणयंत्राच्या बारीक जाळीतून किंवा मलमलमधून काढावे. त्यानंतर रस बारीक धारेने घालत ढवळावे. शेवटी थंडगार साय हलकीच फेटून मिसळावी. ती कोमट असली किंवा जास्त फेटली गेली, तर लोणी सुटते आणि गोठल्यावर त्याच्या कण्या दाताखाली येतात. या वेळी चव घेतल्यास मिश्रण जरा जास्तच गोड आणि जरा जास्तच सुवासिक वाटले पाहिजे. थंडीमुळे जिभेला गोडवा कमी जाणवतो आणि वासही कमी सुटतो, त्यामुळे आता बरोबर वाटणारे मिश्रण गोठल्यावर फिके लागेल. साखर कमी करण्याची इच्छा अनेकांना होते, पण साखरेमुळे पाणी पूर्ण गोठत नाही आणि पदार्थ मऊ राहतो. तिचे प्रमाण फार घटवले तर हाती दह्याचा बर्फच येतो.

मिश्रण झाकून फ्रीजमध्ये तीन तास गार करावे. त्यानंतर पसरट स्टीलच्या डब्यात दोन बोटे उंचीपर्यंत ओतावे. स्टीलमधून थंडी लवकर पोहोचते, आणि गोठण्याची क्रिया जितकी जलद, तितके बर्फाचे कण बारीक. पाऊण तासाने कडा गोठलेल्या दिसतील, त्या काट्याने खरवडून मध्यभागी आणाव्यात आणि पुढे दर अर्ध्या तासाला चार-पाच वेळा असेच करावे. वारंवार उठणे शक्य नसेल, तर मिश्रण बर्फाच्या साच्यांत पूर्ण गोठवून, वड्या मिक्सरमध्ये थांबत थांबत फिरवून पुन्हा दोन-तीन तास गोठवाव्यात. माझ्या मते आइस्क्रीमचे यंत्र नसलेल्या घरासाठी ही दुसरी पद्धत अधिक भरवशाची आहे.

भारनियमनाचा काळ असेल तर फ्रीजरवर विसंबून राहू नये. जुन्या पॉट आइस्क्रीमची पद्धत येथे कामाला येते. चार किलो बर्फ बारीक फोडून त्यात एक किलो खडेमीठ थराथराने बादलीत भरावे आणि गच्च झाकणाचा उभा स्टीलचा डबा त्यात गळ्यापर्यंत रोवावा. मिठामुळे बर्फ शून्य अंशाखालीही वितळत राहतो आणि त्यासाठी लागणारी उष्णता डब्यातून ओढून घेतो. मीठ आणि बर्फाचे तापमान तत्त्वतः उणे २१ अंश सेल्सिअसपर्यंत उतरू शकते. डबा सतत गोल फिरवत राहावे आणि दर पाच-सात मिनिटांनी झाकण पुसून उघडून कडा खरवडाव्यात. झाकण न पुसता उघडल्यास खारे पाणी आत जाते. पाऊण तासाच्या आसपास मिश्रण चमच्याने उचलता येईल इतके घट्ट होते आणि ते तेव्हाच खावे.

वाढताना वाट्या आधी फ्रीजरमध्ये थंड कराव्यात. डबा बाहेर काढून दहा मिनिटे ठेवण्याचा सर्वसाधारण सल्ला आपल्याकडच्या चाळीस अंशांच्या दुपारी लागू पडत नाही, चार-पाच मिनिटे पुरेशी होतात. तिसऱ्या मोसंबीच्या फोडी पडदे काढून वाढतानाच वर ठेवाव्यात, आत घालून गोठवल्यास त्या दगडासारख्या लागतात. पदार्थाच्या पृष्ठभागावर प्लास्टिकचा कागद दाबून बसवल्यास तो फ्रीजरमध्ये आठवडाभर चांगला राहतो, मात्र मोगऱ्याचा वास पहिल्या दोन-तीन दिवसांतच पुरता लागतो. वीज गेल्यामुळे पूर्ण वितळलेले मिश्रण पुन्हा गोठवू नये. ते अजून गार असेल तर थंड पाणी घालून घुसळावे आणि लस्सी म्हणून त्याच वेळी संपवावे.