लग्नाआधीचे तीन आठवडे: एक वही आणि मोजके निरोप

माझ्या धाकट्या बहिणीच्या लग्नात मुहूर्ताला चाळीस मिनिटे उरली असताना गुरुजींनी अंतरपाट मागितला आणि तो नाशिकमधील सिडकोतल्या घरी देवघरापाशी घडी घालून ठेवलेला आहे, हे तिघांना एकाच वेळी आठवले. तो दुसऱ्याने घेतला असेल, असे प्रत्येकाने गृहीत धरले होते. कार्यालय गंगापूर रोडला, रस्त्यावर वराती. अखेर आत्याच्या यजमानांच्या उपरण्यावर कुंकवाने स्वस्तिक काढून वेळ निभावली. लग्नघरातील बहुतेक ताण असाच निर्माण होतो. एकच काम तीन जणांच्या डोक्यात असते आणि कोणाच्याच हातात नसते.

म्हणून तीन आठवडे उरले की सर्वांत आधी एक वही करावी आणि ती एकाच व्यक्तीकडे द्यावी. ही व्यक्ती वधू किंवा वर नसावी, आईवडीलही नसावेत. शांत स्वभावाची मावशी, काका किंवा धाकटा मामा असेल तर उत्तम. प्रत्येक कामापुढे एकच नाव आणि एकच तारीख लिहावी. ‘सगळे मिळून बघू’ हे वाक्य वहीत येता कामा नये. मोबाईलवरच्या कुटुंबाच्या गटात शंभर निरोप फिरत असले, तरी वहीत चढेल तेच ठरले, असे सर्वांना आधीच सांगून ठेवावे.

पहिल्या आठवड्यात खरेदी संपवावी आणि शिवणकाम शिंप्याकडे सोपवावे. येवल्याची पैठणी घ्यायची असेल, तर एक पूर्ण दिवस राखून ठेवावा, कारण येवला याच जिल्ह्यात असले तरी जाणे-येणे आणि निवड यांत दिवस जातो. शिवाय साडी घरी आल्यावर फॉल-पिको आणि ब्लाऊज उरतातच. या काळात केळवणांमुळे वजन वाढते किंवा धावपळीमुळे उतरते, त्यामुळे ब्लाऊजच्या शिलाईत थोडे कापड सोडायला सांगावे आणि शेवटचे माप लग्नाच्या आठवडाभर आधी द्यावे. केळवणांचेही तसेच आहे. सगळ्यांचे मन राखायच्या नादात वधू रोज एका घरी जेवून आली, तर शेवटी आजारी पडते. आठवड्याला दोनच स्वीकारावीत आणि उरलेल्यांना ‘लग्नानंतर जोडीने येऊ’ असे प्रेमाने सांगावे. कोणी रागावत नाही, हा माझा अनुभव आहे.

खरी कटकट असते ती मानपान आणि आहेर यांची. कोणाला साडी, कोणाला टॉवेल-टोपी, विहिणीच्या ताटात काय, याची यादी दोन्ही घरांतील एकेका वडीलधाऱ्या व्यक्तीने समोरासमोर बसून करावी, कारण फोनवर ठरलेल्या गोष्टीचा प्रत्येक घर आपापल्या सोयीचा अर्थ लावते. यादी झाली की प्रत्येक आहेराच्या पिशवीवर नावाची चिठ्ठी लावावी आणि त्यानंतर ती यादी उघडूच नये. लग्नाच्या आठ दिवस आधी एखादी काकू ‘अमक्यांना शालू द्यायला हवा होता’ असे म्हणणारच. त्यावर ‘हो, राहिलेच’ एवढे म्हणून विषय सोडून द्यावा. बंद केलेला निर्णय पुन्हा उघडला, की मागोमाग चार निर्णय उघडतात.

दुसऱ्या आठवड्यात कार्यालयावर प्रत्यक्ष एक फेरी मारावी आणि लग्न दिवसाच्या ज्या वेळी आहे, शक्यतो त्याच वेळी मारावी. जनरेटर आहे का, पंगतीच्या वेळी पाणी कमी पडते का, वऱ्हाडाच्या खोल्यांची किल्ली कोणाकडे मिळेल, वाहने कुठे लावायची, हे विचारून वहीत नोंदवावे. लग्न लॉनवर असेल, तर अवकाळी पावसाचा विचार आधीच करावा. मार्च-एप्रिलमध्ये गारपिटीने द्राक्षबागा झोडपल्या गेल्याचे आपण नाशिककर पाहत आलो आहोत, ती गारपीट मांडव ओळखत नाही. आडोसा कोणता आणि तिथे किती पाने बसतील, हे व्यवस्थापकाकडून लिहून घ्यावे. रात्री १० नंतर ध्वनिक्षेपकाला परवानगी नसते, म्हणून गोरज मुहूर्त असेल तर वरातीची वेळ त्या हिशेबाने ठरवावी.

रेल्वेने येणारी मंडळी नाशिक रोडला उतरतात आणि तेथून गावात यायला आणखी काही किलोमीटर असतात, हे बाहेरगावच्या पाहुण्यांना ठाऊक नसते. कोणती गाडी, किती माणसे, कोण आणायला जाणार, याचे एक पान स्वतंत्र ठेवावे. मुंबईकडून मोटारीने येणाऱ्यांना कसारा घाटातील गर्दी धरूनच निघण्याची वेळ सांगावी.

शेवटच्या चार दिवसांत नवे काहीही ठरवू नये. आचाऱ्याला पानांचा अंतिम आकडा द्यावा, गुरुजींकडून साहित्याची यादी घेऊन तिच्यानुसार एकच पेटी भरावी: अंतरपाट, मुंडावळ्या, अक्षता, मंगळसूत्र, लाह्या, सुपाऱ्या, कापूर आणि काडेपेटीसुद्धा. पेटी भरणाऱ्यानेच ती कार्यालयात न्यावी आणि गुरुजींच्या हाती सोपवावी. मेंदी लग्नाच्या दोन दिवस आधी काढावी, म्हणजे रंग चढायला वेळ मिळतो. हळदीच्या दिवसापासून वधूवरांचे फोन भावंडांकडे द्यावेत. त्यांनी पुरेसे झोपावे आणि वेळेवर जेवावे, याहून दुसरे काम त्यांना देऊ नये.

एक गोष्ट मात्र लग्नाच्या दिवसासाठीच वहीच्या शेवटच्या पानावर लिहून ठेवावी. विवाहनोंदणीच्या अर्जावर तीन साक्षीदारांच्या आणि विधी लावणाऱ्या गुरुजींच्या सह्या लागतात आणि नोंदणी ९० दिवसांच्या आत करायची असते. ऐन हंगामात गुरुजींना दुसऱ्या मुहूर्ताची घाई असते, तेव्हा दक्षिणा देतानाच अर्ज पुढे करावा आणि पेन आपल्या खिशात ठेवावे.